मुदत

आमच्याकडे कुणी रडत नाही.
रडणं खालच्या कोर्टात उरकलेलं असतं,
वर येतो त्याचा टंकलिखित उतारा:
(साक्षीदार थांबतो.)
किती वेळ थांबला, ते लिहिलेलं नसतं.

सेंट पॉल, जानेवारी. खिडकीखाली मिसिसिपी गोठलेली,
तिच्यावर कुणाच्या तरी बुटांची रांग,
अर्ध्यातून परत फिरलेली.
तिघांची नावं संगणकाने काढली, चिठ्ठ्या टाकाव्यात तशी:
लिटल रॉकची लुसिंडा बोमार, झग्याची घडी अजून न मोडलेली;
फार्गोचा थॅडियस ब्रोल, पेचात पडला की चष्मा पुसणारा;
आणि मी, एकोणऐंशी वर्षांची,
काम निम्मं, मत अख्खं.

आमची नेमणूक मरेपर्यंतची.
कुणाच्या दारी मतं मागायची नाहीत,
निकाल आवडला नाही म्हणून कुणी घरी बसवत नाही.
मग तू घाबरतेस तरी कशाला? नातू विचारतो.
तळटिपांना, मी सांगते.

प्रकरण लहानसं. वेंडेल ओकसेन, कैदी.
अपिलाची मुदत शुक्रवारी संपली,
पाकिटावर शिक्का मंगळवारचा.
तो म्हणतो, गुरुवारीच पहारेकऱ्याच्या हातात दिलं.
इथे कायदा मायाळू आहे:
कैद्याला पोस्टापर्यंत चालत जाता येत नाही,
म्हणून तुरुंगाच्या पेटीत पडलं की पोचलं.
फक्त तसं लिहून द्यायचं, शपथेवर,
तारखेसकट, तिकिटाच्या उल्लेखासकट. एकच वाक्य.
ओकसेनने चौदा पानं लिहिली, पेन्सिलीने,
आईच्या घराबद्दल, दाढदुखीबद्दल,
साक्ष फिरवणाऱ्या मेहुण्याबद्दल.
ते वाक्य सोडून.

त्याच्या बाजूने प्रिसिला डुबे उभी राहिली,
आम्हीच नेमून दिलेली, पहिल्यांदाच आलेली.
पंधरा मिनिटं. हिरवा दिवा.
ब्रोलने तिला तिसऱ्या वाक्याला अडवलं, मी पाचव्या.
पिवळा. पाण्याचा पेला तिने उचलला आणि न पिता ठेवला.
लाल दिवा लागला तेव्हा ती
‘कारण’ या शब्दावर होती.
वाक्य पुरं करा, ब्रोल म्हणाला.
तिला ते सापडेना.

मागच्या खोलीत सर्वांत नवा न्यायाधीश आधी बोलतो,
थोरांचं वजन अंगावर पडू नये म्हणून.
तिकीट आहे ना पाकिटावर, लुसिंडा म्हणाली,
तिरकं का होईना. माणूस तिकीट कशाला चिकटवतो?
ब्रोल म्हणाला, आज याच्यासाठी वाकवलेला नियम
उद्या दुसऱ्याला सरळ आहे म्हणून कसा दाखवायचा?
दोघंही खोटं बोलत नव्हते.
मग दोघांनी माझ्याकडे पाहिलं.

मी ब्रोलबरोबर गेले.
चार परिच्छेद, खाली कुणाचं नाव नाही,
ग्रंथात न छापला जाणारा निकाल.
लुसिंडाने भिन्नमत लिहिलं, अकरा पानी.
त्याचा मसुदा मी रात्री वाचला.
पुन्हा वाचला, पेन्सिल घेऊन,
आणि एका स्वल्पविरामापलीकडे काही खोडता आलं नाही.

शनिवारी बहिणीला पत्र लिहिलं,
रस्त्याकडेच्या पेटीत टाकलं, लाल झेंडी वर केली.
मग बर्फ आलं ते थांबेचना.
टपालगाडी फिरकली नाही. झेंडी तेवढी दिसत राहिली,
खालची पेटी बुजून गेलेली.
रविवारी बहिणीचा फोन: पत्र पाठवणार होतीस, त्याचं काय?
पाठवलं की, मी म्हणाले. कालच.
बरं, ती म्हणाली, आणि कुत्र्याच्या औषधाबद्दल बोलू लागली.

मी मात्र बराच वेळ
त्या ‘बरं’पाशी उभी होते, फोन हातात धरून.

निकाल बाहेर पडेपर्यंत मत आपलंच असतं.
सोमवारी उजाडताच फार्गोला फोन लावला.
थॅडियस, म्हटलं,
चष्मा पूस.