सकर

कुर्ल्याच्या बाजारातून आणला, चाळीस रुपयांना.
काच चाटतो, म्हणाला दुकानदार, वेगळं खाणं लागत नाही.
तीन वर्षांत टाकीला पुरेना.
वळायचा तेव्हा
अंगावरची खवल्यांची ढाल काचेवर खरखरायची,
आम्हाला झोप नाही.

मग एका रात्री बादलीवर ओला पंचा टाकून
रिक्षाने पवई.

आज बारकू वरठा काठावर जाळं शिवत बसलाय.
"खाता येत नाय, विकता येत नाय,
मरत पन नाय लवकर."
बाजूला एक पडलाय, सकाळपासून,
उन्हात,
तोंडाने दगड धरून.

मी वाकतो. सगळ्यांची पाठ सारखीच.
"तुमचा काय?" बारकू हसत विचारतो.

छे, म्हणतो मी,
आणि उगाचच चप्पल धुवायला
पाण्यात उतरतो.