हळू जा

दिल्लीहून पार्सलनं पत्र्याचे डबे यायचे.
नागपूर स्टेशनवरून सायकलरिक्षात आणताना
उरकुडे ते मांडीवर घ्यायचे, तापातल्या पोराला घ्यावं तसे.
डब्यावर नटाचं नाव होतं : यारोमिर हालुझा.
उरकुडेंनी खाली खडूनं लिहिलं, हळू जा.
तेव्हापासून आमच्या फिल्म सोसायटीत तो हळू जाच.

प्रिंटवर अक्षरं नसायची.
संवादांचं इंग्रजी बाड वेगळं यायचं,
सायक्लोस्टाईलची शाई बोटांना लागणारं.
मी एजी ऑफिसातली, इंदोऱ्याची, मिस फुलझेले.
धंतोलीच्या त्या हॉलमध्ये अंधारात टॉर्च आणि माईक घेऊन
सगळ्यांचं बोलणं मराठीत आणायचे.
पहिल्या खेपेला लोक हसले,
मिशीवाला ट्राम कंडक्टर आणि आवाज बाईचा.
एकच वाक्य होतं त्याला.
मी म्हटलं, "समोर सरका ना जी, जागा हाये आतमधी."
मग मला कोणी हसलं नाही.
हसले, पण त्याला.

सात सिनेमे मी त्याची जीभ होते.
तो पोस्टमन झाला, सिग्नलवाला झाला,
स्वतःच्या लग्नातून खिडकीवाटे पळालेला नवरा झाला.
काच फुंकणाऱ्याचा पोरगा, असं पत्रकात होतं;
म्हणून असेल, बोलायच्या आधी
तो गाल भरून श्वास घ्यायचा.
मलाही सवय लागली.
गोकुळपेठच्या बाजारात वांग्यांचा भाव विचारला
तर मागून कोणी ओरडलं,
अरे, हा तर हळू जाचा आवाज!

मग डबे येत राहिले, तो आला नाही.
वकिलातीच्या पत्रकात जुनाच फोटो पुन्हा छापला होता.
पाच जण होते तिथे आता चार,
आणि चौथ्याच्या खांद्यावर
कुणाचा तरी हात.

कोराडीला बॉयलर बसवायला आलेला त्यांच्याकडचा एक इंजिनिअर
एका शनिवारी आमच्यात येऊन बसला.
मी विचारलं. त्यानं आधी दाराकडे बघितलं.
म्हणाला, एका कागदावर सही केली नाही त्यानं.
आता हॉटेलच्या तळघरात भट्टीत कोळसा टाकतो.
एवढं सांगून तो चहात बुडालेलं बिस्कीट
चमच्यानं शोधत राहिला.
मे महिना. कूलरमधलं पाणी संपलं होतं, पंखा नुसता गरगरत होता.
सोमवारी ऑफिसात बिलांवरच्या सह्या तपासताना
हात थांबला माझा.
एवढीशी रेघ,
नकटीच्या नाकाएवढी.

अकरा वर्षांनी एका डब्यावर पुन्हा ते नाव,
यादीत सगळ्यात खाली.
उरकुडेंना नीट दिसत नव्हतं तोवर,
माझ्याकडून दोनदा वाचून घेतलं.
खडू काही त्यांनी काढला नाही या वेळी.

टक्कल. मिशी नाही.
शाळेच्या भट्टीवरचा म्हातारा झालाय तो,
मुलं समोरून पळत जातात,
एक पोरगी परत येऊन त्याचं खोरं उचलून बघते, जड लागतं तिला.
कोळसा टाकायला त्याला शिकवावं लागलं नसेल.
बाडात त्याच्या नावापुढे पूर्ण सिनेमाभर एकच शब्द :
खोकतो.

आता खोकला काय मराठीत आणायचा?
तरी मी पान टॉर्चखाली धरलं,
गाल भरून श्वास घेतला,
माईक तोंडाशी नेला
आणि त्याच्यासोबत खोकले.
हॉलमध्ये कोणी हललं नाही.

रीळ बदलताना मशीनच्या खोलीतून
एका पोराच्या हाती उरकुडेंनी
पाण्याचा ग्लास पाठवला.