खरी नक्कल

आवक-जावकच्या खिडकीत मी एकवीस वर्षं.
ती आली तेव्हा भिंतीवरच्या घड्याळात अकरा दहा,
म्हणजे आमच्याकडे दहा.
खाकी सफारी, कडक इस्त्री, खिशाला दोन पेनं,
छातीवर पाटी:
रेणुका तुपसुंदर, उपसहायक (प्रतीक्षा).
असं पद आस्थापनेवर नाही.
मी यादी काढून पाहिली. खरंच पाहिली.

काय हवंय?
नक्कल.
कशाची?
तुमची.

म्हटलं, रीतसर अर्ज करा,
दहाचं तिकीट लावा.
तिनं लावलं. कपाळाला.

मागे एक पोरगा कॅमेरा घेऊन उभा.
एरवी धनकवडीत लग्नं शूट करतो म्हणाला,
इथं उजेड फार कमी पडतो.
एकवीस वर्षांत ही तक्रार
लेखी किंवा तोंडी
कुणी केली नव्हती.

मग तिनं जिन्याखालच्या बंद कूलरचं उद्घाटन केलं.
फीत, नारळ, सगळं पिशवीतून आणलेलं.
'घसा कोरडा राहिला की तक्रार आपोआप कमी होते,' म्हणाली,
'हे आमच्या सरकारच्या लक्षात आलं आहे.'
रांगेनं टाळ्या वाजवल्या, सवयीनं.
दाखल्यासाठी आलेला कुठल्याशा पक्षाचा एक कार्यकर्ता
पांढऱ्या कपड्यांनिशी धावत येऊन
फोटोत मधोमध उभा राहिला,
तोही सवयीनं.

साहेबांनी विचारलं, कोणत्या कलमाखाली काढायचं हिला?
कलम सापडेना.
तेव्हा नस्ती उघडली. विषय मीच लिहिला:
'कार्यालयात कार्यालयासारखे वर्तन केल्याबाबत.'
नस्ती वर गेली.
चर्चा करावी.
चर्चा केली.
कोणाशी?
खाली आली, पुन्हा गेली, आणि दर पानाच्या शेवटी
माझ्याच अक्षरात: सादर.
ती काचेतून वाचत होती.
म्हणाली, बघा, आपण दोघं एकाच शब्दावर जगतो.

दोन महिन्यांनी नाना पेठेत,
स्पेअर पार्टच्या गोदामात, चादरीवर तिचा व्हिडिओ.
घरी सांगितलं, ऑडिट आहे.
ऑइलच्या वासात मागच्या बाकावर बसलो, मफलर नाकापर्यंत.
पडद्यावर साहेब नाहीत, नारळ नाही, तीही नाही.
नुसता एक हात.
ड्रॉवर ओढतो, आत बघतो, लावतो.
ओढतो, बघतो, लावतो.
कोपऱ्यात आकडा वाढत जातो.
त्रेचाळीसला लोक हसून हसून डोळे पुसत होते.
मीही हसलो. अंगठी ओळखीची होती.

आत काय आहे ते तिनं दाखवलं नाही.
तिला ठाऊक नसावं.
माझाच अर्ज आहे, बदलीचा, आई होती तेव्हाचा,
त्यावर शेरा: त्रुटी दूर करून पुन्हा सादर करावा.
त्रुटी कोणती, ते लिहिलेलं नाही.

दिवे लागले. मफलर काढून तिच्यासमोर गेलो,
म्हटलं, याची एक प्रत मिळेल का?
तिनं माझ्याकडे पाहिलं, मग हाताकडे.
'उद्या या,' म्हणाली.
आणि चहा मागवला.

सकाळी खिडकी उघडली. ड्रॉवर ओढला.
चव्वेचाळीस, असं कुणीतरी म्हणालं,
बहुधा मीच.
लावायला गेलेला हात तिथंच थांबला.
समोर रांग, पहिल्या बाईच्या हातात रेशनकार्ड,
आणि पोरगा म्हणाला होता तेवढाच,
अगदी तेवढाच कमी
उजेड.