बोली

मिरजेहून घरी आलो तेव्हा
सुनंदानं आरसा उतरवून ठेवला होता.
भिंतीवर त्याच्या जागी एक कमी मळलेला चौकोन.
मी त्याच्यासमोर उभा राहून भांग पाडला.
चौथ्या दिवशी तिनंच तो परत लावला,
म्हणाली, नळी धुवायला दोन हात लागतात,
बघायला कोण येणार?

गळ्याच्या खळगीत, जिथं शर्टाचं पहिलं बटण यायचं,
तिथं रुपयाएवढं भोक आहे.
श्वास तिथून जातो, तिथूनच येतो.
नाक आहे जागेवर. चष्मा टेकायला.

खोकला आला की हात तोंडावर जातो.
खोकला तोवर खालून निघून गेलेला.
एकसष्ट वर्षांची सवय,
तिला ऑपरेशनचं कुणी सांगितलेलं नाही.

चहावर फुंकर मारता येत नाही, बशी हलवत बसतो.
नातीचा गुडघा फुटला, तिनं पुढं केला,
मी ओठांचा चंबू केला
आणि वारा शर्टाच्या आत सुटला.
ती वाट बघत राहिली.

हरिपूरला संगमावर पोहणं बंद.
डॉक्टर म्हणाले, भूपालराव,
बुडायला तुम्हाला आता गळ्याइतकं पाणी पुरे.
पाणी गळ्याशी आलं असं आपण किती वेळा म्हणतो,
कर्जात, पोरीच्या लग्नात.
मी म्हणणं सोडलंय.

बत्तीस वर्षं यार्डात हळदीचे सौदे पुकारले.
अकरा हजार एक्कावन्न, एक्कावन्न, कोण म्हणतं पंचाहत्तर,
आवाज पत्र्याला धडकून परत यायचा
आणि परत येताना पंचवीस रुपये जास्त घेऊन यायचा.
गालात तंबाखू असायची, खोटं कशाला बोलू.

आता गळ्याला एक यंत्र लावतो, बॅटरीएवढं.
नात म्हणते, आजोबा मिक्सरमधून बोलतात.
तेवढं चालतं. पण सौदा चालत नाही,
आकडा चढतो, आवाज चढत नाही.
इरोडचा व्यापारी फोनवर दोनदा हॅलो म्हणाला,
नुसता वारा ऐकून रेंज नाही म्हणत ठेवून दिला.

भांडणात सुनंदा थांबते, मी यंत्र शोधेपर्यंत.
एकोणचाळीस वर्षांत पहिल्यांदा
माझं पुरतं होईतो ऐकते.
त्याचाच जास्त राग येतो.
रात्री मात्र झोपेतून उठून
भोकासमोर पालथा हात धरते,
मला वाटतं मला कळत नाही असं तिला वाटतं.

फाल्गुनात यार्डात गेलो.
भरमूचा सुकुमार पुकारत होता, माझ्याच चालीत,
पण एक्कावन्नवर थांबायचं नसतं हे त्याला कोण सांगणार.
मी बाजूला उभा राहून बोटं केली.
त्यानं पाहिलं. पुढं सरकला.
पोत्यातलं एक हळकुंड घेतलं, मोडलं, नाकाशी धरलं.
काहीच नाही.
मातीचं ढेकूळ असतं तरी असंच असतं.
आतला रंग तेवढा केशरी, आपला, ओळखीचा.
बाकी लोक शिंकत होते.

संध्याकाळी सुनंदानं मानेवरचा फडका सोडला.
मधोमध पिवळा गोल, श्वासाच्या मापाचा.
धुवायला घेतला आणि थांबली,
नाकाशी नेला.
सेलम होती व्हय आज? म्हणाली.
ओला माल दिसतोय. नीट वाळलेला नाही.

यंत्र शर्टाच्या खिशात होतं, शर्ट खुंटीवर.
मी चार बोटं वर केली, मग मूठ, मग दोन.
तिला यार्डातली बोटं येत नाहीत.
एवढ्या कमीला गेली? तिनं विचारलं.