मैलभात

मे संपता संपता एका दुपारी
सावली पायाखाली येते आणि तिथेच मुरते.
त्या दिवशी शून्य मैलाच्या दगडापाशी मैलभात चढतो.
चूल पहाटेच पेटते; झाकण मात्र
बिनसावलीच्या दीड मिनिटातच उघडायचं.
उशीर झाला तर भात सावली धरतो, अंजिराबाई सांगायची,
आणि खाणाऱ्याला वर्षभर आपलं दार ओळखू येत नाही.

मी तिच्या हाताखाली. माझं काम मोजायचं.

दूर गेलेल्यांचं अंतर लोक कांडीवर भरून आणतात,
कोष्टीपुऱ्यात रेशीम भरतात तसं.
धकात्यांचा मुलगा जहाजावर: अठरा कांड्या, निळसर, ओल्या.
वनमालाची लेक बिलासपूरला दिलेली: दीड कांडी, कोळशाचा वास.
कामठीची एक बाई आली, तिनं टोपलीच ओतली.
किती दूर ते ठाऊक नाही म्हणाली,
सूत संपलं म्हणून थांबले.

अंजिराबाई नखांनी सूत तोडते, तांदळाच्या दाण्याएवढं.
नाग नदीचं आधण. (आमच्या गावात ती अजून ओंजळीनं पितात.)
दगडफूल, खसखस, भाजलेली ज्वारी,
डाळीचे गोळे मुठीत वळून वाफेवर,
आणि भिवापुरी मिरचीची फोडणी, अशी
की सिताबर्डीच्या टेकडीला ठसका लागावा.
"लांबचं लवकर शिजते," ती म्हणते,
"अर्धं त वाटेतच शिजून येते, पोरी."

साडेअकराला देवाजी निखारे आला.
मूठ उघडली. चार हात सूत.
मोजायचं काय त्यात? तरी मोजलं.
"कोणाचं व्हय हे?"
"घरातलंच."
मागापासून रहाटापर्यंतचं.
इकडे खड्ड्यात पाय सोडून तो विणतो,
तिकडे पार्बता कांड्या भरते,
आणि अकरा वर्षं मधे फक्त धोट्याचा आवाज.

अंजिराबाईनं सूत हुंगलं, कानापाशी धरलं.
"हे नाही शिजत, बाप्पा."
पण आणलेलं परत द्यायची रीत नाही. टाकलं.

मग सावली गेली.
माझी गेली, चुलीच्या धुराची गेली,
खांबाला टेकलेल्या सायकलीचीही गेली.
दगडी घोडे चौथऱ्यावरून उतरले, चारही,
खुरांखाली डांबर पिठासारखं दबलं.
पहिला घास त्यांचा. ते जेवल्याशिवाय
इथून कुठलाच रस्ता सुरू होत नाही.

पहिल्यानं तोंड घातलं आणि फुरफुरत मागं घेतलं.
बाकीच्यांनी नुसता वास घेतला.
भातात मधोमध चार हात सूत, जसंच्या तसं,
कोरडं, पांढरं.

कुणीच बोललं नाही. वर्धा रोड जरासा सैल पडला,
दोरीवरच्या लुगड्यासारखा.
मी मनात मोजत होते: चाळीस, एक्केचाळीस...

गर्दीतून पार्बता आली. पदर खोचला,
उकळत्या हंड्यात हात घातला,
सूत काढलं, तोंडात टाकलं
आणि चावत राहिली, गाल फुगवून,
बैल कडबा चावतो तशी.
देवाजीकडे बघून म्हणाली,
"मीठ कमी हाये."

तो मिठाच्या बरणीकडे पळाला.
सत्तरीचा माणूस, एक चप्पल तिथेच राहिली.

मग घोडे जेवले.
रस्ते ताणले गेले, जबलपूरकडचा आधी.
लोकांनी पळसाच्या पानांवर भात घेतला,
कुणी रडलं, कुणाला तिखट लागलं,
दोन्हींचं पाणी सारखंच दिसतं.

हंडा घासायचा माझ्याकडे असतो.
बुडाशी लागलेली खरवड मी नखानं काढून खाल्ली.
तिला समुद्राची, बिलासपूरची,
आणि मागाच्या खड्ड्यातल्या ओलीची चव होती.

माझ्या पदराच्या गाठीत एक सूत होतं.
वीतभर. कुणाचं ते सांगत नाही.
टाकायचं टाकायचं म्हणत होते
तेवढ्यात टाचेपाशी काहीतरी काळं हललं,
सावली परत आली होती.
अंजिराबाईनं माझ्या गाठीकडे बघितलं
आणि राखेनं भरलेले हात धुवायला
पाणी मागितलं.