आठे

पडदा सापडला बोरीकाठच्या एका गोदामात,
मक्याच्या पोत्यांवर पांघरलेला.
तुळशीराम भामरेंनी दोन टोकं धरली, त्यांच्या सुनेनं दोन,
आणि धुरळ्यातून वर आलं तळं,
निळं, जरा जास्तच निळं,
काठाला टोकदार झाडं, दोन बदकं,
एकाची मान उंदरांनी खाल्लेली.

मी फोकस लावत राहिले.

ह्याच तळ्यापुढे उभी आहे माझी आई,
चौऱ्याहत्तर साल, भामरे फोटो स्टुडिओ, अमळनेर.
मनगटात मैत्रिणीचं घड्याळ, उजवा हात उंच स्टुलावर.
मागे सुभान पेंटरचं पाणी,
खताच्या कॅलेंडरवरून उतरवलेलं.
सुभान धुळ्यापलीकडे कधी गेला नाही.

दुसरा फोटो माझ्याकडे असतो.
ताम्पेरे, शहात्तर.
खरं तळं, खरी झाडं, बदकं चौकटीबाहेर.
आईचा हात तसाच वर, हवेत.
स्टूल नाही
हे त्या हाताला अजून कळलेलं नाही.

गिरणीत यंत्रं बसवायला आलेला माझा बाप
मराठीचे चार शब्द शिकला,
त्यातले दोन मिरचीबद्दलचे.
आई त्याची भाषा शिकली आधी बाजारापुरती,
मग नोकरीपुरती, मग भांडणापुरती.
माझ्याशी अहिराणी,
तीही स्वयंपाकघराचं दार लोटून.

आठे आते आंबास्ले मोहर उना व्हई,
म्हणायची ती, आणि खिडकीत गुडघाभर बर्फ.
तठे जाशी त टोपी घाल.
तठे म्हणजे आमचंच अंगण.

मला वाटायचं, आठे हे गावाचं नाव आहे.
विमानाने जावं लागतं.

पुढे अर्थ कळला, तोवर मी फिल्म करायला लागले होते.
एका महोत्सवात कुणी विचारलं, तुम्ही नेमक्या कुठल्या?
एडिटिंग टेबलाची, म्हणाले मी.
लोक हसले.
ते उत्तर मी नंतर सात शहरांत वापरलं.

आज सुनेकडे कॅमेरा दिला.
आईच्या जागी उभी राहिले, हात वर.
काय करायचं हाताचं?
पडद्याआडून अण्णांनी सहज विचारलं,
जसं एसटीतून उतरलेल्या कुणालाही विचारतात,
आठे कधी उनी व पोरी?

रेकॉर्डिंगमध्ये पुढे अकरा सेकंद फक्त पंखा.
मी मान वळवून मागे पाहते आहे, तळ्याकडे.
मग माझाच आवाज, आईचा हेल:
आजून नही उनू.

अण्णा काही बोलले नाहीत.
पडद्याचं टोक तेवढं
बोटभर वर धरलं, पाणी सरळ दिसावं म्हणून.

बाहेर ट्रकचा हॉर्न वाजला.
सून म्हणाली, ताई, बंद कसं करायचं हे?