पाणी येतं तेव्हा

एप्रिलात खारा वारा पडला की तिसऱ्या-चौथ्या दिवशी
मोयनाकच्या जुन्या धक्क्यावरून अरल दिसतो,
भरलेला.
आम्ही त्याला नाव दिलेलं नाही, नावंही ठेवत नाही.
"आलंय का?" एवढंच विचारतो,
वीज आली का विचारावं तसं.

ताश्कंदहून दोन माणसं आली होती, तिपाई घेऊन.
त्यांच्या फोटोंत वाळू उमटली, सक्साउलची झुडपं,
आणि गंजक्या बोटीच्या सावलीत रवंथ करणारी आमची गाय.
"मृगजळ" असं लिहून घेऊन गेले.
मृगजळाला डिझेलचा वास येत नाही,
हे सांगायला झुमाबाय मास्तर त्यांच्या गाडीमागे धावला.

मास्तराला दिसतं ते निराळंच.
त्याला गावच दिसत नाही. नुसतं बोरूचं बन, पुरुषभर उंच,
आणि एकदा, तो शपथेवर सांगतो,
पाणी पिऊन मान वर करणारा वाघ.
"इथे कुणी आलंच नाही," मास्तर म्हणतो,
आणि एवढ्यावर तो इतका का सुखावतो
ते मला कळत नाही.

मला कारखाना दिसतो, मासळीचे डबे भरणारा.
भोंगा होतो. पांढरे रुमाल बांधलेल्या बायका
एकमेकींना ढोसत फाटकातून आत जातात.
आणि धक्क्याच्या तिसऱ्या खुंटाशी जाळं शिवत बसलेला
माझा बाप, ओतेनियाझ,
शहात्तर वर्षांचा, सगळे दात शाबूत.

माझा बाप चोपन्नाव्या वर्षी गेला.
ज्याचं मीठ खाल्लं त्याला जागावं म्हणतात.
त्याने तर मीठ श्वासात घेतलं,
आणि जागाच राहिला, रात्ररात्र, उशीला टेकून, खोकत.

तिकडे नदी कापसाकडे वळवलीच नसणार.
कुठल्याशा खोलीत सही करता करता
कुणी खिडकीबाहेर पाहिलं असेल,
किंवा पेनातली शाई संपली असेल. मला काय ठाऊक.
इकडे त्यांनी समुद्रावर पाणी सोडलं.
बोलायची रीत. सोडायला पाणी होतं कुठे?

बापाच्या शेजारी एक मुलगा बसतो.
मुलगा कसला, चाळिशीचा बाप्या. कान बापाचेच.
सुई ओवून देतो.
मला त्याचा राग यायला हवा.
माझं नाव उलबोसिन, म्हणजे "मुलगा होवो":
तिसरीही मुलगीच झाली, म्हणून.

पहिल्या वर्षी मी स्वतःला फार शोधलं तिकडे.
एकेका रुमालाखाली पाहिलं.
मग बोटांवर हिशोब केला.
आई इथे आली ती नुकुसहून, नर्स म्हणून,
धुळीने भरलेल्या छात्या तपासायला.
पाणी असतं तर धूळ उठली नसती,
धूळ उठली नसती तर आई
ओतेनियाझला "शर्ट काढा" म्हणाली नसती.
एवढा समुद्र आटला
तेव्हा कुठे मी झाले.

हे कुणाला सांगायचं?
ज्यांची माणसं मेली त्यांना?

यंदा मात्र बापाने मान वर केली.
डोळ्यांवर हात धरून बराच वेळ
माझ्या दिशेला पाहत राहिला.
त्यांनाही दिसत असेल आमचं काही,
वाळू, बोट, निदान गाय.
मग मुलाला काहीतरी म्हणाला,
आणि दोघे फळीवर थोडे सरकले,
कुणी बसायला आलं की सरकतात तेवढेच.

मी उभीच होते.
वारा सुटला.

आई धक्क्यावर कधी येत नाही.
रात्री चहा ओतताना तिने नुसतं विचारलं,
"खोकत होता?"
"नाही," मी म्हटलं.
तिने किटलीवर फडकं टाकलं. जरा वेळाने म्हणाली,
"मग मला कशाला बोलावतील."